व्हिएतनाममध्ये शेतावर अर्धा दिवस की गावात मुक्काम?

मुंबईहून हनोई आणि हो ची मिन्ह सिटीला थेट विमानं सुरू झाल्यापासून मराठी घरांतल्या सुट्टीच्या बेतांत व्हिएतनामचा नंबर बराच वर आला आहे. या सहलींच्या कार्यक्रमपत्रिकेत हल्ली एक ओळ हमखास असते: ‘ग्रामीण जीवनाचा अनुभव’. त्या ओळीखाली दोन वेगळ्या गोष्टी विकल्या जातात. पहिली शेतावरची अर्ध्या दिवसाची सहल. शंकूसारखी टोपी घालायची, वाफा खणायचा, पाणी घालायचं, जेवायचं आणि हॉटेलवर परत. दुसरी गावातल्या कुटुंबाकडचा मुक्काम, ज्याला तिथेही होमस्टेच म्हणतात. जाहिरातीतले फोटो दोन्हीकडे सारखेच असल्यामुळे माणूस एकाच्या अपेक्षेने दुसरं घेऊन बसतो.

मराठी माणसाचा गोंधळ जास्त होतो, त्याला कारण आहे. आपल्याकडचं कृषी पर्यटन केंद्र म्हणजे बहुधा एकाच शेतकऱ्याची जागा. शिवारफेरी तिथेच, बैलगाडी तिथेच, पिठलं-भाकरी तिथेच आणि रात्रीची गादीही तिथेच. व्हिएतनाममध्ये ही कामं बऱ्याच अंशी वेगळ्या गावांनी, वेगळ्या लोकांनी वाटून घेतली आहेत.

माझं मत आधीच सांगते. हात खरोखर मातीत घालायचे असतील तर अर्ध्या दिवसाची सहल घ्यावी. होमस्टेत मातीला हात लागेलच याची खात्री नाही. ऐकायला उलटं वाटेल, पण सहलीचा दिवस पाहुण्यासाठी आखलेला असतो, आणि होमस्टेच्या गावात शेतीचं वेळापत्रक पाहुण्याला विचारून ठरत नाही.

सहलीचं सर्वांत चांगलं उदाहरण म्हणजे ट्रा क्वे हे गाव. मध्य व्हिएतनाममधल्या होई आनच्या जुन्या शहरापासून उत्तरेला सुमारे तीन किलोमीटर, सायकलने रमतगमत जाता येतं. एका अंगाला दे व्होंग नदी, दुसऱ्या अंगाला पाणथळ. जमीन वाळूची. अशा जमिनीत पालेभाजी येते ती नदीतल्या आणि पाणथळातल्या पाणवनस्पतींमुळे. गावकरी त्या ओढून काढतात आणि वाफ्यात पुरतात, तेच खत. सुमारे चारशे वर्षांपासून हे गाव भाजी पिकवतं असं सांगतात. पुदिना, तुळशीच्या जातीची पानं, कोथिंबीर, कांद्याची पात, लेट्यूस असे हिरव्या रंगाचे छोटे छोटे वाफे, आणि एक वाफा रिकामा झाला की लगेच दुसरी लावण. होई आनच्या काओ लाऊ आणि मी क्वांग या शेवयांच्या पदार्थांवर हाच पाला पडतो. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संस्थेने २०२४ मध्ये जगातल्या उत्तम पर्यटन-गावांच्या यादीत ट्रा क्वेचं नाव घातलं.

इथे पाहुण्याला काम मिळतं, कारण पालेभाजीला हंगामाची फारशी अडचण नाही. वर्षातल्या बहुतेक दिवशी कुठला तरी वाफा खणायचा असतो, कुठला तरी लावायचा असतो. तपकिरी सदरा चढवायचा, वाफा भुसभुशीत करायचा, पाणवनस्पतींचं खत दाबायचं, रोपं लावायची. मग खरी फजिती. पाणी घालायला खांद्यावर कावड देतात, तिच्या दोन टोकांना दोन झाऱ्या. वाफ्यांच्या मधल्या पायवाटेने चालत दोन्ही झाऱ्या एकाच वेळी कलवायच्या आणि दोन्हीकडे सारखं पाणी पडलं पाहिजे. गावातल्या साठीच्या बाई हे गप्पा मारत करतात. आपलं अर्धं पाणी पायावर जातं. पुढे औषधी पाल्याच्या कोमट पाण्यात पाय बुडवून बसायचं, मग स्वयंपाक. हळद घातलेलं तांदळाचं कुरकुरीत धिरडं म्हणजे बान सेओ, आणि कोळंबी व डुकराचं मांस पाल्यासकट कांद्याच्या पातीने बांधलेली ताम हुऊ नावाची जुडी.

याला नाटक म्हणून नाक मुरडणारे पुष्कळ आहेत. बहुतेक ठिकाणी पाहुण्यांचा वाफा वेगळा ठेवलेला असतो, हे खरं. पण शेजारच्याच वाफ्यातला पाला बाजारात जातो, आणि आपल्याला कावड शिकवणारी बाई स्वतः त्याच कामावर जगली आहे. तासाभरात पाठीला कळतं की मूठभर पुदिन्यामागे किती वाकणं आहे. शाळकरी मुलं बरोबर असतील तर याहून चांगली सकाळ मिळणं अवघड.

नाटकीपणा जाणवतो तो होई आनच्याच आसपासच्या भातशेतीच्या सहलीत. रेड्याच्या मागे नांगर धरा, चिखलात रोपं लावा, दोघांनी दोऱ्या धरून बादली झुलवत पाणी उपसा, मग झोडणी, कांडण, पाखडणं, दळण. मृगात पेरलेलं दिवाळीच्या सुमारास घरात येतं हे माहीत असलेल्या माणसाला अख्खा भात चार तासांत उरकलेला पाहून हसू येतं. त्यातली बरीच कामं आज तशी होतही नाहीत. किनारपट्टीच्या सपाट शेतांत नांगरणी आता प्रामुख्याने यंत्रावर होते, आणि दक्षिणेतल्या मेकाँग नदीच्या त्रिभुज प्रदेशात तर लावणीही फारशी उरलेली नाही. तिथे बी थेट फेकून पेरतात आणि कापणीला कम्बाइन हार्वेस्टर येतो. म्हणजे ही सहल आजच्या शेतीची नव्हे, आजोबांच्या शेतीची आहे. तसं समजून गेलं तर मजा येते. कोकणात लावणी केलेल्यांनी मात्र पैसे वाचवावेत.

आता मुक्काम. हनोईपासून १४० किलोमीटरवरची माई चाऊची दरी हा त्यातला जुना पत्ता. (नकाशावर शोधताना एक लक्षात ठेवावं. जुलै २०२५ मध्ये व्हिएतनामने प्रांतांची फेररचना करून ६३ चे ३४ केले. माई चाऊचा होआ बिन्ह प्रांत आता फू थो मध्ये आहे, आणि होई आन दा नांगमध्ये.) इथल्या बान लाक आणि पोम कूंग या वस्त्यांत श्वेत थाई समाजाची घरं आहेत. लाकडी खांबांवर उचललेलं घर, खाली माग किंवा सायकली, वर एकच लांबलचक दालन. त्यात ओळीने गाद्या, मध्ये पडदे, वर मच्छरदाण्या. जेवण चटईवर बसून, भलंमोठं ताट सगळ्यांत मिळून. बान लाकमध्ये १९९० च्या दशकापासून पाहुणे येतात, त्यामुळे काही घरांचा मुख्य धंदा आता पाहुणेच आहेत.

अशा घरी शेतीचं काम किती करायला मिळतं? लावणी किंवा कापणी चालू असेल आणि तुम्ही उत्साह दाखवलात तर एखादा तास. एरवी भात आपापलं वाढत असतं. मालकीणबाईंना वीस जणांचा स्वयंपाक असतो आणि तुम्ही सायकल घेऊन बांधावरून फिरता. ही फसवणूक नाही, शेतकऱ्याचं घर असंच चालतं. मिळतं ते वेगळंच. पहाटेचे कोंबडे, चुलीचा धूर, भाषा न येता चाललेल्या गप्पा, घरातल्या पोराचा गृहपाठ. हे कुठल्याही अर्ध्या दिवसाच्या सहलीत मिळत नाही, आणि एका रात्रीतही नीट मिळत नाही. दोन रात्री तरी हव्यात.

उत्तरेकडच्या सा पाच्या डोंगरात हंगामाचा प्रश्न आणखी कडक होतो. ता व्हानमध्ये ग्याय समाजाची घरं, ता फिनमध्ये लाल दाओ समाजाचं औषधी पाल्याचं गरम स्नान, आसपास मोंग लोकांची निळीने रंगवलेली कापडं. पण थंडीमुळे या पायऱ्यांच्या शेतांत वर्षाला भाताचं एकच पीक येतं. मे-जूनमध्ये लावणी, ऑगस्टअखेर ते सप्टेंबरात कापणी. आपण बहुधा जातो दिवाळीत किंवा नाताळात, म्हणजे शेतं रिकामी झाल्यावर. फोटोतल्या सोनेरी पायऱ्यांच्या जागी तपकिरी मातीची ढेकळं दिसली की लोक एजंटवर चिडतात. चिडायचंच तर पंचांगावर चिडावं. उलट शाळांच्या उन्हाळी सुट्टीचा शेवट, म्हणजे मेअखेर ते जूनचा पहिला आठवडा, अगदी जुळून येतो. सा पात लावणी चालू असते आणि माई चाऊत, जिथे दोन पिकं होतात, पहिलं पीक कापणीला आलेलं असतं. दिवाळीची आणखी एक अडचण म्हणजे ऑक्टोबर-नोव्हेंबर हा होई आनच्या पुराचा काळ. ट्रा क्वेचे वाफेच पाण्याखाली गेले तर कावड कुठे धरणार? चांद्र नववर्षाच्या, म्हणजे तेतच्या दिवसांत बरीच घरं पाहुणे घेत नाहीत, तेही आधी विचारून घ्यावं.

कागदपत्रांतही फरक आहे. सहलीला नाव आणि पैसे पुरतात. मुक्कामाला पासपोर्ट लागतो, कारण परदेशी पाहुण्याची नोंद पोलिसांकडे करणं यजमानावर कायद्याने बंधनकारक आहे. पासपोर्ट न मागणारं घर घरगुती वाटेल, पण ते नियम मोडत असतं.

पैसे कोणाकडे जातात हे पाहायला व्हिएतनामचा २०१७ चा पर्यटन कायदा उपयोगी पडतो. सामुदायिक पर्यटन त्यात असं ठरवलं आहे की ते स्थानिक लोकांनीच चालवायचं आणि लाभही त्यांनीच घ्यायचा. या कसोटीवर सा पाच्या आसपासचे कित्येक ‘होमस्टे’ बसत नाहीत. जागा गावकऱ्याची, भाड्याने घेतलेली, आणि लॉज शहरातून आलेल्या माणसाचं. शहरात तर चार मजली छोट्या हॉटेलवरही होमस्टेची पाटी असते. जेवण कोण रांधतं आणि मालक रात्री कुठे झोपतो, एवढं विचारलं की बरंच उलगडतं. फार्मस्टे हा तिसरा प्रकार बहुतेकदा बागेतलं रिसॉर्टच. शेतजमिनीवर परवानगीशिवाय बांधलेले काही फार्मस्टे कारवाईतही सापडले आहेत.

दोन्हींची सांगड घातलेली जागा हवी असेल तर दक्षिणेला कान थो शहराजवळ हाऊ नदीतलं कोन सोन बेट पाहावं. इथल्या कुटुंबांनी कामं वाटून घेतली आहेत. एकाकडे तांदळाच्या पिठाचे गोड पदार्थ, दुसऱ्याकडे तरंगत्या पिंजऱ्यातले मासे, तिसऱ्याकडे पाण्याबाहेर उड्या मारणारे शिकवलेले मरळ, चौथ्याकडे फळबाग. पाहुणा घराघरांतून फिरतो, जेवणातला एकेक पदार्थ एकेका घरचा. मेकाँगच्या गावांतला आणखी एक आवडता खेळ म्हणजे आओ बा बा हा तिथला साधा पोशाख घालून गुडघाभर चिखलाच्या चरात उतरायचं, पाणी उपसायचं आणि हाताने मासे धरायचे. रांबुतान, मँगोस्टीन, ड्युरियनचा बहर मे ते ऑगस्टमध्ये, म्हणजे पुन्हा उन्हाळी सुट्टीच सोयीची.

शाकाहाऱ्यांसाठी दोन्हींत बराच फरक पडतो. मासे आणि मीठ आंबवून केलेलं नुओक माम तिथे साध्या परतलेल्या भाजीतही असतं, आणि डोंगरातल्या घरांत फोडणीला डुकराची चरबी चालते. सहलीत स्वयंपाक तुमच्यासमोर, बऱ्याचदा तुमच्याच हाताने होतो, म्हणून जिन्नस वगळता येतात. होमस्टेत सगळ्यांचं ताट एकच, तेव्हा आदल्या दिवशीच कळवावं. ‘आन चाय’ म्हटलं की शाकाहारी हे कळतं, कारण चांद्र महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी तिथलेही पुष्कळ बौद्ध लोक तसंच जेवतात. तरी नुओक माम नको हे वेगळं सांगावं, आणि जैन असाल तर कांदा-लसणाचंही.