पार्श्वभूमी : समेट झाला, गुन्हा रद्द

उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार, ज्यातून ते गुन्हा किंवा खटला रद्द करू शकते, फौजदारी प्रक्रिया संहितेत 1923 साली कलम 561-अ म्हणून आला. 1973 च्या संहितेत तो 482 झाला आणि 1 जुलै 2024 पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत 528. आकडे बदलले, मजकूर जवळपास तोच राहिला. तडजोडयोग्य, म्हणजे पक्षकारांना आपसात मिटवता येणाऱ्या, गुन्ह्यांचा तक्ता आधी 320 मध्ये होता, आता 359 मध्ये आहे. त्या जुन्या 320 चे पोटकलम 9 सांगत होते की या कलमात दिले आहे त्याखेरीज कुठल्याही गुन्ह्यात तडजोड होणार नाही. पुढचा सगळा वाद या एका ओळीचा आहे आणि तो खऱ्या अर्थाने पेटला 2003 नंतर.

दंड संहितेचे 498-अ, म्हणजे सासरी बायकोच्या छळाचे कलम, तक्त्यात नव्हते. नवरा-बायकोने परस्पर संमतीने वेगळे व्हायचे ठरवले, देणी-घेणी मिटली, तरी सासू-सासऱ्यांसकट सगळ्यांच्या तारखा चालूच. हरियाणातून आलेल्या अशा एका प्रकरणात उच्च न्यायालयाने पोटकलम 9 कडे बोट दाखवून गुन्हा रद्द करायला नकार दिला. सर्वोच्च न्यायालयाने 2003 मध्ये ते अमान्य केले : 320 हे 482 च्या आड येत नाही. त्याच वर्षी आंध्र प्रदेशाने कायद्यात दुरुस्ती करून 498-अ थेट तक्त्यातच घातले, न्यायालयाच्या परवानगीच्या अटीवर. हा रस्ता जास्त सरळ होता. केंद्राने तो धरला नाही आणि ओझे न्यायालयांच्या डोक्यावर आले.

2008 मध्ये मुंबईतल्या एका कंपनीच्या बँक कर्जाचे प्रकरण आले. बनावट कागदपत्रांचा आरोप होता, तपास केंद्रीय यंत्रणेचा, पण वसुलीच्या दाव्यात बँकेशी समझोता झाला होता. तोही खटला रद्द झाला. इथे मात्र भुवया उंचावल्या. घरगुती भांडण एक, बनावट कागद दुसरे.

2010 मध्ये पंजाबातल्या फसवणूक आणि कटाच्या एका प्रकरणात दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठाने आधीच्या तीन निकालांवर उघड शंका घेतली. गंमत अशी की फसवणुकीचे 420 परवानगीने तडजोडयोग्य होतेच. अडले होते ते कटाच्या 120-ब वर. खंडपीठाचे म्हणणे रोखठोक होते : जे थेट करता येत नाही ते आडवाटेने कसे करणार? तक्त्यात काय घालायचे हे संसदेने ठरवायचे. प्रश्न मोठ्या पीठाकडे गेला.

24 सप्टेंबर 2012 चे उत्तर अजून वापरात आहे. तीन न्यायमूर्तींनी दोन गोष्टी वेगळ्या केल्या. तडजोड पक्षकार करतात आणि ती तक्त्याने बांधलेली असते. गुन्हा रद्द करणे हे न्यायालयाचे काम आहे, न्यायासाठी किंवा प्रक्रियेचा गैरवापर थांबवण्यासाठी. खून, बलात्कार, दरोडा आणि लोकसेवकांचा भ्रष्टाचार यांत समेट चालणार नाही. व्यापारी, आर्थिक, भागीदारीची, वैवाहिक, म्हणजे दिवाणी छटेची प्रकरणे मिटवता येतील, पण शिक्षा होण्याची शक्यता अगदी क्षीण हवी. युक्तिवाद नेटका आहे, तरी 2010 च्या शंकेचे पूर्ण उत्तर त्यात मिळत नाही. साक्षीदार समेटानंतर फिरणार म्हणून शिक्षेची शक्यता क्षीण, आणि ती क्षीण म्हणून खटला रद्द. हे गोल फिरणे तिथून पुढे कायमचे बसले.

निकालाने मधली जागा मोकळी सोडली. 307 चे, म्हणजे खुनाच्या प्रयत्नाचे, काय? 2014 मध्ये जखम कुठे, हत्यार कोणते, खटला कुठल्या टप्प्यावर, हे पाहायला सांगितले गेले. उलट दिशेचे निकालही होतेच, म्हणून 2019 मध्ये पुन्हा तीन न्यायमूर्तींना बसावे लागले. 307 हा समाजाविरुद्धचा गुन्हा. मात्र कलम नुसते चढवले आहे का, हे न्यायालयाने पाहावे. आर्थिक बाजूही आवळली गेली : 2014 मध्येच महाराष्ट्रातल्या एका बँक फसवणुकीत, पैसे भरले म्हणून रद्द केलेला खटला पुन्हा उभा राहिला.

दरम्यान वकिलांच्या तोंडी 'कन्सेंट क्वॉशिंग', म्हणजे संमतीने गुन्हा रद्द करून घेणे, रुळले. फिर्यादीचे ना-हरकत प्रतिज्ञापत्र, आधार कार्ड, वकिलाने पटवलेली ओळख, मग न्यायमूर्तींचा प्रश्न : कोणाचा दबाव आहे का? 'नाही' म्हटले की बहुतेकदा काम झाले. पोलिसांचा वेळ गेला म्हणून कधी आरोपीला पोलीस कल्याण निधीत किंवा रुग्णालयाला काही रक्कम भरायला लावतात.

नोव्हेंबर 2024 मध्ये समेटावर रद्द झालेला राजस्थानातला पोक्सोचा (बालकांच्या लैंगिक शोषणाविरुद्धच्या कायद्याचा) खटला सर्वोच्च न्यायालयात पुन्हा जिवंत झाला. शिक्षकावर आरोप होता, समेट मुलीच्या वडिलांनी केला होता, आणि आव्हान दिले होते खटल्याशी संबंध नसलेल्या लोकांनी. जुलै 2025 मध्ये मात्र महाराष्ट्रातल्या परस्परविरोधी फिर्यादींच्या प्रकरणात बलात्काराचा गुन्हाही रद्द झाला. तक्रारदार महिलेने 5 लाख रुपये स्वीकारले होते आणि खटला पुढे न्यायचा नाही असे तिने प्रतिज्ञापत्रावर सांगितले होते. ही अपवादात्मक परिस्थिती, असे न्यायालय म्हणाले.