माया वेगळे, ॲझ्टेक वेगळे

मध्य अमेरिकेतल्या माया संस्कृतीवरचा लेख उघडावा आणि वर पुन्हा तीच गोल कोरीव शिळा दिसावी, याचा आता खरोखर वैताग येतो. मधोमध जीभ बाहेर काढलेला चेहरा असलेली ती शिळा ॲझ्टेकांची. १७९० साली मेक्सिको शहराच्या मुख्य चौकात खोदकाम चालू असताना ती सापडली. व्यास साडेतीन मीटरहून जास्त, वजन २४ टनांच्या आसपास. २०१२ साली जगबुडीची जी आवई उठली तिच्यातली तारीख मात्र मायांच्या कालगणनेतली. २१ डिसेंबरला त्यांचे तेरावे बाक्तुन, म्हणजे एक मोठे कालचक्र, पूर्ण होत होते. तारीख एकाची, चित्र दुसऱ्याचे, आणि जगबुडी दोघांपैकी कुणीच सांगितली नव्हती.

आपल्याकडची भर म्हणजे ‘माया’ नावावरून मयासुर शोधणे. नावातला हा सारखेपणा निव्वळ योगायोग आहे. कृपा करून हे पुढे पाठवू नका.

ॲझ्टेकांची कथा बहुतेकांना ठाऊक असते: सरोवरातल्या बेटावरचे तेनोच्तित्लान, राजा मोक्तेसुमा, १५१९ मध्ये आलेला स्पॅनिश सेनानी एर्नान कोर्तेस, पुढच्या वर्षीची देवीची साथ, आणि १३ ऑगस्ट १५२१ रोजी पडलेली राजधानी. मका, काकाव (म्हणजे कोकोच्या बिया), चेंडूचा खेळ, २६० दिवसांचे पंचांग हे दोन्हीकडे होते, म्हणून तर गोंधळ होतो. ॲझ्टेक मध्य मेक्सिकोच्या पठारावरचे. माया युकातान, ग्वातेमाला आणि बेलीझकडचे.

भाषा तर पार निराळ्या. कोर्तेस स्पॅनिशमध्ये बोले, मायांच्या कैदेत राहिलेला स्पॅनिश माणूस आगिलार ते माया भाषेत सांगे, आणि दोन्हीकडच्या भाषा येणारी मालिंत्सिन ते ॲझ्टेकांच्या नावात्ल भाषेत मोक्तेसुमापर्यंत पोचवी. दोघे एकच असते तर मधे दोन दुभाषे लागलेच नसते.

पण खरी गफलत ‘माया साम्राज्य’ या दोन शब्दांत आहे. असे साम्राज्य कधी नव्हतेच. ॲझ्टेकांचे होते: १४२८ पासून तीन शहरांच्या युतीने आजूबाजूची नगरे जिंकली, बहुतेक ठिकाणी तिथलाच राजा गादीवर ठेवला आणि खंडणी घेतली. कापड, काकाव, पिसे, सगळे तेनोच्तित्लानकडे जाई. सत्ता एका शहरात गोळा झालेली आणि खंडणीने गांजलेले शत्रू चहूबाजूंना. ॲझ्टेकांनी कधीच न जिंकलेले त्लाश्काला हे शेजारचे राज्य कोर्तेसच्या बाजूला येऊन मिळाले. शेवटच्या वेढ्यात स्पॅनिश काही शेकडा होते आणि स्थानिक मित्रसैन्य हजारोंच्या हजारो. ‘मूठभर स्पॅनिशांनी साम्राज्य बुडवले’ हे वाक्य म्हणूनच मला मान्य नाही. पण ती राजधानी पडल्यावर खंडणीची आयती यंत्रणा जिंकणाऱ्यांच्या हाती आली, हे खरे.

मायांकडे असा एक घाव घालायला जागाच नव्हती. तिकाल, कालाकमुल, पालेंके ही एकमेकांशी लढणारी स्वतंत्र राज्ये होती आणि दक्षिणेतली ही मोठी शहरे इसवी सन ९०० च्या सुमारास ओस पडली, म्हणजे स्पॅनिश यायच्या सहाशे वर्षे आधी. मायांना कोर्तेसने संपवले म्हणणारे इथेच चुकतात. लोक मात्र राहिले. सोळाव्या शतकात एकट्या युकातानमध्ये डझनाहून अधिक प्रदेश आपापला कारभार पाहत होते. एक शरण आला म्हणून दुसरा येत नसे. आज मान तुकवलेला उद्या उठत असे. ग्वातेमालात १५२४ मध्ये कोर्तेसचा सरदार पेद्रो दे आल्वारादो याला किचे मायांविरुद्ध काकचिकेल मायांनी मदत केली आणि त्याच्या मागण्या असह्य होताच त्याच वर्षी तेही त्याच्यावर उलटले. मोंतेहो या स्पॅनिश सरदाराने युकातानची मोहीम १५२७ ला सुरू केली. तिथे मेरिदा हे स्पॅनिश शहर वसवायला १५४२ उजाडले.

इत्सा मायांचे नोहपेतेन तर सरोवरातल्या बेटावरच होते, अगदी तेनोच्तित्लानसारखे. १५२५ मध्ये खुद्द कोर्तेस तिथून गेला आणि एक लंगडा घोडा मागे ठेवून पुढे निघून गेला. ते शहर स्पॅनिशांच्या हाती पडले १३ मार्च १६९७ रोजी, तेनोच्तित्लाननंतर तब्बल १७५ वर्षांनी. आणि किचे, काकचिकेल, युकातेक या भाषा आजही लाखो लोकांच्या घरात बोलल्या जातात.