एकाच खाचरात कायम आणि रोजंदार

'रत्ना' आणि 'सिंधू' हे आंब्याचे वाण वेंगुर्ल्याच्या फळ संशोधन केंद्रातले. अशा केंद्रात खुंटरोपे वाढवायची, कोय कलमे बांधायची, आळी करायची म्हणजे माणसे लागतात, आणि ती आसपासच्या वाड्यांतूनच येतात. दापोलीचे कृषी विद्यापीठ 18 मे 1972 रोजी स्थापन झाले तेव्हापासून त्याचे काम असे किनाऱ्यावर पसरलेले आहे. आंबा-काजू वेंगुर्ल्याला, नारळ भाट्याला, भात तिकडे कर्जतला.

शेतीचे काम हंगामी, म्हणून माणूसही हंगामी, हा हिशेब सुरुवातीला कोणाला खटकण्यासारखा नव्हता. पण संशोधन केंद्राला सुगी संपल्यावर कुलूप लागत नाही. हंगामी म्हणून घेतलेला माणूस बाराही महिने राबतो आणि तरी 'मस्टरवरचा'च, म्हणजे रोजंदारीच्या हजेरीपटावरचाच, राहतो, हे राज्यातल्या कृषी विद्यापीठांचे जुने दुखणे. शेजारी लावणी करणारा 'कायम' असेल तर त्याला रजा, वेतनवाढ, निवृत्तिवेतन. याला भरलेल्या दिवसांची मजुरी.

महाराष्ट्राने याविरुद्ध कायदा फार लवकर केला होता. अनुचित कामगार प्रथांविषयीच्या 1971 च्या अधिनियमात, कायमपणाचे लाभ मिळू नयेत या हेतूने कामगाराला वर्षानुवर्षे बदली (दुसऱ्याच्या जागी घेतलेला) किंवा तात्पुरता ठेवणे ही अनुचित प्रथा ठरवली आहे. रोजंदारांची भिस्त याच कलमावर होती. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाचे असे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि 2001 मध्ये निकाल उलटा लागला: पद मंजूर नसेल तर विद्यापीठ कायम करणार कसे? पदे शासन मंजूर करते, आकृतिबंध, म्हणजे कोणती किती पदे असावीत हे, मंत्रालयात ठरतो. म्हणजे हेतू सिद्ध करायचा विद्यापीठाचा, आणि किल्ली तिसऱ्याच्याच हातात. सर्वोच्च न्यायालयाच्याच एप्रिल 2006 च्या उमादेवी निकालाने मागच्या दाराने कायम होण्याची वाट आणखी अरुंद केली. मंजूर पदावर दहा वर्षे काढलेल्यांसाठी तेवढी एकदाची सवलत ठेवली.

पुढे जे मिळाले ते कायमपणाला वळसा घालून. दिल्ली महापालिकेच्या मस्टरवरच्या, रस्त्याच्या कडेला चर खणणाऱ्या बायकांनाही प्रसूतीचे लाभ द्यावे लागतील, असे सर्वोच्च न्यायालयाने 8 मार्च 2000 रोजी सांगितले. नर्सरीत पिशव्या भरणाऱ्या बाईसाठी मला हा निकाल सगळ्यांत मोलाचा वाटतो, कारण त्यात पद कुठले हा प्रश्नच उरत नाही. ग्रॅच्युइटीची, म्हणजे नोकरी सुटताना मिळणाऱ्या एकरकमी रकमेची, गोष्ट जरा गमतीची. शिक्षणसंस्थांना तो कायदा 1997 मध्ये लागू झाला, पण शिक्षक त्याच्या व्याख्येत बसत नाहीत असे 2004 मध्ये ठरले. 2009 च्या दुरुस्तीने ते आत आले. काही काळ शिपाई आत आणि मास्तर बाहेर!

पगाराबाबत सर्वोच्च न्यायालयाचा 26 ऑक्टोबर 2016 चा जगजीत सिंग निकाल महत्त्वाचा: काम तेच असेल तर तात्पुरत्यालाही वेतनश्रेणीतले किमान वेतन.

निवृत्तिवेतनाची फट मात्र कायम झालेल्यांमध्येही पडली. 1 नोव्हेंबर 2005 पासून राज्यात नेमणूक झालेल्यांना सर्वसाधारणपणे जुनी पेन्शन नाही. वीस वर्षे मस्टरवर काढून 2006 मध्ये कायम झाल्याचा आदेश हातात आलेल्याला ती तारीख कशी वाटली असेल, हे वेगळे सांगायला नको. मार्च 2023 च्या राज्यव्यापी संपात हीच मागणी पुढे होती.

झाडलोट आणि बागकाम करणाऱ्यांच्या जग्गो प्रकरणात 20 डिसेंबर 2024 रोजी न्यायालयाने उमादेवी निकालाची ढाल करणाऱ्या सरकारी कार्यालयांना फटकारले, आणि कामे बाहेरच्या एजन्सीकडे सोपवून जबाबदारी झटकण्यावरही बोट ठेवले. कारण एजन्सी आली की हजेरी तिच्या वहीत लागते. मस्टरवर निदान नाव तरी असायचे.