शुक्राचा राखाडी प्रकाश

शुक्र ग्रहाच्या रात्र असलेल्या बाजूवर दुर्बिणीतून कधीमधी दिसणारी अत्यंत मंद उजळी. चंद्राप्रमाणे शुक्रालाही कला असतात. तो पृथ्वी आणि सूर्य यांच्या मधल्या भागात येऊ लागला की त्याची बारीक कोर उरते. अशा वेळी काही निरीक्षकांना कोरीच्या पोटातला काळोखही पुसट राखी रंगाने, क्वचित तांबूस छटेने, भरलेला दिसतो. अशा नोंदी पावणेचारशे वर्षांहून अधिक काळ होत आल्या आहेत आणि त्या करणाऱ्यांत मुरलेले निरीक्षकही आहेत. तरीही ही उजळी खरोखर शुक्रावर असते की पाहणाऱ्याच्या डोळ्यात, हे अजून ठरलेले नाही.

पहिली नोंद इटलीतील जेझुइट धर्मगुरू जोव्हान्नी बात्तिस्ता रिचोली यांची, 9 जानेवारी 1643 ची. चंद्रावरच्या विवरांना माणसांची नावे देण्याची आजची पद्धत ज्यांच्यामुळे रूढ झाली, तेच हे रिचोली. पुढे अठराव्या शतकात इंग्लंडमधील विल्यम डेरहॅम यांनीही असा प्रकाश पाहिल्याचे लिहिले.

चंद्राच्या बाबतीत असेच दृश्य कोणालाही नुसत्या डोळ्यांनी दिसते. बीज-तृतीयेच्या कोरीसोबत चंद्राचे उरलेले बिंब अंधुक दिसते, ते पृथ्वीवरून परावर्तित झालेल्या सूर्यप्रकाशामुळे. हे कारण शुक्राला लावण्याचा मोह साहजिक आहे, पण ते टिकत नाही. शुक्र अगदी जवळ आला तरी सुमारे 4 कोटी किलोमीटरवर असतो, म्हणजे चंद्राच्या साधारण शंभरपट दूर. तिथे पोहोचणारा पृथ्वीचा उजेड चंद्रावर पडतो त्याच्या सुमारे दहा हजारांश भरतो. शुक्राला स्वतःचा उपग्रहही नाही.

एकोणिसाव्या शतकात म्यूनिकचे खगोलशास्त्रज्ञ फ्रान्झ फॉन ग्रुइटहुइझेन यांनी जे स्पष्टीकरण मांडले, त्याला तोड नाही. मायर या निरीक्षकांनी 1759 मध्ये आणि हार्डिंग यांनी 1806 मध्ये हा प्रकाश पाहिल्याच्या नोंदी त्यांच्यासमोर होत्या. मधली 47 वर्षे म्हणजे शुक्राची 76 वर्षे, कारण शुक्राचे वर्ष सुमारे 225 दिवसांचे. एवढ्या काळाने तिथे नवा सम्राट गादीवर येत असावा आणि प्रजा रोषणाई करीत असावी, असा त्यांचा तर्क होता. नंतर त्यांनी तो बदलला आणि शेतीसाठी जंगले पेटवली जात असावीत असे सुचवले. युरोपातील राजदरबारी आतषबाजी आणि रान जाळून जमीन मोकळी करण्याची रीत, दोन्ही त्यांनी सरळ शुक्रावर नेऊन ठेवल्या. यावरून त्यांना वेड्यात काढणे सोपे आहे आणि चंद्रावर शहर दिसल्याचा त्यांचा दावा पाहता ते पुष्कळांनी काढलेही. मात्र चंद्रावरची विवरे बाहेरून येऊन आदळलेल्या पिंडांमुळे झाली असावीत असे सुरुवातीच्या काळात म्हणणाऱ्यांतही हेच गृहस्थ होते. शिवाय शुक्राच्या ढगांखाली काय आहे हे तेव्हा कोणालाच माहीत नव्हते.

ते विसाव्या शतकात कळले. पृष्ठभागाचे तापमान सुमारे 465 अंश सेल्सिअस, हवेचा दाब पृथ्वीच्या नव्वदपटींहून अधिक, वर सल्फ्युरिक आम्लाचे ढग. सम्राट आणि जंगले बाद झाली, पण प्रकाशाच्या नोंदी थांबल्या नाहीत. आता विजांचा विचार पुढे आला. सोव्हिएत व्हेनेरा यानांना विजेसारखे रेडिओ संकेत मिळाले. उलट कॅसिनी यान 1998 आणि 1999 मध्ये शुक्राजवळून गेले तेव्हा वीज चमकल्यावर अपेक्षित असलेले उच्च वारंवारतेचे संकेत त्याने टिपले नाहीत. शुक्रावरच्या विजांचा वाद अजून चालू आहे. आणि संपूर्ण बिंब सतत उजळलेले दिसायचे तर वीज फारच मोठ्या प्रमाणावर आणि अखंड चमकायला हवी.

वातावरणातील वायूंची चमक हा त्याहून ठोस पर्याय. सूर्याचे अतिनील किरण दिवसाच्या बाजूला कार्बन डायऑक्साइडचे रेणू फोडतात. सुटे झालेले ऑक्सिजनचे अणू वाऱ्यांबरोबर रात्रीच्या बाजूला जाऊन पुन्हा जोडले जातात आणि त्यात ऊर्जा प्रकाशाच्या रूपाने बाहेर पडते. 1999 मध्ये हवाईतील केक दुर्बिणीने शुक्राच्या रात्रीत ऑक्सिजनची हिरवी वर्णरेषा (त्या वायूच्या चमकेचा ठरावीक हिरवा रंग) टिपली. तिची तीव्रता कमीजास्त होते. कधी ती सापडतही नाही, आणि सौरवादळांनंतर ती वाढलेली आढळली आहे. प्रकाश कधी दिसतो आणि कधी नाही, याच्याशी हा लहरीपणा जुळतो खरा. पण ही चमक फार क्षीण आहे. शेजारी झगझगती कोर असताना ती डोळ्याला जाणवेल असे मानणे अवघड आहे.

शुक्राची रात्र उजळते, यात मात्र शंका नाही. 1980 च्या दशकात असे आढळले की, अवरक्त (तांबड्याच्या पलीकडच्या, डोळ्याला न दिसणाऱ्या) प्रकाशाच्या काही ठरावीक तरंगलांबींत खालच्या तप्त वातावरणाची धग ढगांतून बाहेर येते. हल्ली हौशी निरीक्षकही योग्य गाळणी (फिल्टर) लावून ती कॅमेऱ्यात पकडतात. सूर्याच्या अभ्यासासाठी पाठवलेले पार्कर सोलर प्रोब हे यान 2020 मध्ये शुक्राजवळून गेले, तेव्हा त्याच्या कॅमेऱ्याला ही धग दृश्य प्रकाशाच्या लाल टोकापर्यंत दिसली आणि प्रतिमेत उंच, थोडे थंड प्रदेश काळपट उमटले. दुर्दैवाने त्या टोकाला माणसाचा डोळा जवळजवळ आंधळाच असतो. राखाडी प्रकाशाचे दृश्य प्रकाशात घेतलेले, सर्वांना मान्य होईल असे छायाचित्र आजवर नाही.

म्हणून संशय डोळ्यावर आणि दुर्बिणीवर जातो, आणि तो रास्तही वाटतो. कोर अतिशय तेजस्वी असल्यामुळे भिंगांत तिचा उजेड पसरतो. उघड्या वर्तुळाचा एक कंस दिसला की मन उरलेला भाग पुरा करते. काही निरीक्षकांना तर कोरीच्या आतली बाजू भोवतालच्या आकाशापेक्षाही काळी दिसते, आणि याला दृष्टिभ्रमाखेरीज दुसरे कारण सापडणे कठीण. भ्रम टाळण्यासाठी नेत्रिकेत, म्हणजे दुर्बिणीच्या डोळ्याकडील भिंगात, एक बारीक पट्टी बसवून कोर झाकतात आणि मग काळा भाग पाहतात. अधिक चांगली पट्टी म्हणजे चंद्र. तो शुक्रासमोरून जाताना त्याची कड आधी कोर झाकील अशी स्थिती आली, तर काही क्षण फक्त रात्रीची बाजू समोर उरते. एरवी संधी मिळते ती शुक्राच्या अंतर्युतीच्या (तो पृथ्वी आणि सूर्य यांच्या मधोमध येतो त्या वेळेच्या) आधीच्या व नंतरच्या आठवड्यांत, साधारण दर 584 दिवसांनी. तेव्हा तो सूर्याच्या जवळ असतो, म्हणून सायंकाळी सूर्य पूर्ण मावळल्याशिवाय दुर्बीण तिकडे वळवू नये आणि पहाटे तो उगवण्यापूर्वीच ती बाजूला घ्यावी.