तुंबघटिका: यंत्र, नाव आणि वाद

तुंबघटिका, म्हणजे आमच्या फाशांच्या खेळातलं काळ अडवणारं यंत्र, तिसऱ्या डावात सखल खाजणबेटाच्या हाती लागली. तेव्हापासून आम्ही खेळतो त्या परळच्या गॅलरीत नव्याने येऊन बसणारा प्रत्येक खेळाडू विचारतो की हिला थांबघटिका का म्हणत नाहीत. हे टिपण त्यासाठी आहे. सात बेटं, दर्यासरदारांची घराणी आणि फाशांचे नियम वाचणाऱ्याला ठाऊक आहेत असं धरलं आहे.

यंत्राचं मूळ आपलं जुनं घटिकापात्र. बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची, ती भरून बुडाली की एक घटिका झाली, म्हणजे २४ मिनिटं. दिवसरात्रीच्या ६० घटिका, एका घटिकेची ६० पळं. लग्नाचा मुहूर्त याच वाटीवर धरत. खेळातल्या वाटीच्या भोकावर आतून मोती ठेवला की ज्या बेटावर ती आहे तिथला काळ अडतो. पहिल्या डावात तिचा फक्त दंतकथेसारखा उल्लेख होता, यंत्र म्हणून ती दुसऱ्या डावात आली.

किती वेळ अडवता येतो, याचा आकडा मात्र थेट मुंबईचा आहे. १ जानेवारी १९०६ ला देशासाठी एकच प्रमाणवेळ ठरली, ग्रिनिचच्या साडेपाच तास पुढे. मुंबईची स्वतःची वेळ ४ तास ५१ मिनिटं पुढे होती. म्हणजे एका रात्रीत शहराचं घड्याळ ३९ मिनिटं पुढे ढकललं जाणार होतं. घड्याळ पुढे गेलं तरी सूर्य तिथेच राहणार, म्हणजे गिरणीच्या भोंग्यासाठी ३९ मिनिटं आधी, अंधारात उठायचं. त्याच जानेवारीत गिरणी कामगार याविरुद्ध उठले. पालिकेनेही जुनीच वेळ धरली, आणि कित्येक वर्षं या शहरात रेल्वेचं घड्याळ एक वेळ दाखवी आणि पालिकेचं दुसरी. ती ३९ मिनिटं म्हणजे १ घटिका साडेसदतीस पळं. यंत्र काळ अडवू शकतं तो एवढाच, त्याहून एक पळही जास्त नाही.

आता नावाचा वाद. दुसऱ्या डावात वरच्या बेटाच्या सरदाराने आरमार सज्ज करायला पूर्ण मुदतीचा काळ अडवला आणि लढाई जिंकली. पटचालकाने, म्हणजे खेळ चालवून निवाडा करणाऱ्याने, निकाल दिला की अडलेला काळ उताराकडे, म्हणजे खाजणबेटावर फुटला. तिथली भातं एका क्षणात पिकून झडली, म्हातारी माणसं गेली. निम्म्या खेळाडूंना हा अन्याय वाटला. त्यांचं म्हणणं, काळ थांबला म्हणजे थांबला, तो साचतो कुठे?

पडताळणीसाठी एकाने तांबाकाट्यावरून वाटी आणली, भोक पाडून घेतलं आणि पिंपात सोडली. भोकातून करंगळीएवढा झरा उभा राहिला. वरून मोती ठेवल्यावर झरा मिटला आणि अर्धी भरलेली वाटी तशीच तरंगत राहिली. मोती काढला तेव्हा झरा आधीइतकाच उंच उडाला, केसभरही जास्त नाही. थांबघटिकावाल्यांचा हा सगळ्यात भक्कम पुरावा आहे आणि तो खोटा नाही.

पण ज्या दंतकथेतून मोती घेतला तीच त्यांच्या विरुद्ध जाते. भास्कराचार्यांची मुलगी लीलावती कौतुकाने घटिकापात्रात डोकावली, तिच्या दागिन्यातला मोती आत पडला, भोक बुजलं, वाटी बुडेना. सगळे वाटीकडे बघत बसले आणि मुहूर्त टळून गेला. तिथे थांबली होती ती वाटी. काळ पुढेच गेला होता, आणि त्याची किंमत त्या मुलीने मोजली. अडवलेल्या वेळेचं ओझं कुणाच्या तरी अंगावर पडतंच, हा अर्थ पटचालकाने उचलला आणि तो योग्यच होता. ‘तुंब’ हा शब्द या वादाच्या बैठकीत हिंदमात्याजवळ राहणाऱ्या एका खेळाडूने सुचवला. मोठा पाऊस आणि मोठी भरती एकाच वेळी आली की पाण्याला समुद्रात जायला वाट राहत नाही, मग ते सखल वस्तीत चढतं. तिच्या घरी जुलैत गादी माळ्यावर टाकावी लागते. पाणी थांबलं असं तिच्याकडे कुणी म्हणत नाही, तुंबलं म्हणतात. त्यानंतर फारशी चर्चा झाली नाही.

तिसऱ्या डावात याच शब्दातून नियम निघाला: ओहोटीला मोती काढला तर काळ दर्यात जिरतो, भरतीला काढला तर सखल बेटावर चढतो. खाजणबेटवाल्यांनी वाटी पळवली ती सूड घ्यायला, असं वरच्या बेटाचे खेळाडू सांगतात. डावाची वही उघडली तर तसं दिसत नाही. ताबा मिळाल्यावर त्यांनी पहिल्यांदा सातही बेटांच्या भरतीच्या वेळा फळ्यावर लिहून काढल्या होत्या. मागच्या बैठकीत मात्र वरच्या बेटाच्या हेराने मोती भोकावर सरकवून ठेवला आणि स्वतः निसटला. पुढची बैठक तिथून सुरू होईल. वाटी खाजणबेटाच्या देवळात आहे, मुदतीची ९ पळं उरली आहेत, आणि फळ्याप्रमाणे भरती अजून चढतेच आहे.