सहायक कलाकार (दूरचित्रवाणी मालिका)

मालिकेत नायक-नायिकेच्या अवतीभवती सासू, काका, शेजारीण, आजोबा, हवालदार अशा भूमिका करणारे नट. यांना चरित्र कलाकार असेही म्हणतात. वाहिनीच्या जाहिरातफलकावर ते क्वचित दिसतात, पण दिवाणखान्यातला कौटुंबिक प्रसंग त्यांच्यावाचून उभा राहत नाही. अशा प्रसंगात एकच वाक्य वाट्याला आलेल्या काकांनाही सकाळच्या कॉल टाइमला (सेटवर पोहोचण्याच्या ठरलेल्या वेळेला) हजर व्हावे लागते. मेकअप करून दिवसभर थांबायचे आणि प्रत्येकाच्या संवादावर चेहऱ्याची रिअ‍ॅक्शन द्यायची.

मुंबई दूरदर्शनच्या काळात (स्थापना १९७२) हे नट बहुधा नाटकातून येत आणि पोटापाण्याची सोय नोकरीत असे. रवी पटवर्धन रिझर्व्ह बँकेत होते, शिवाजी साटम सेंट्रल बँकेत. खासगी वाहिन्यांवर दैनंदिन मालिका रुळल्या आणि बारा तासांच्या शिफ्टमुळे नोकरी सांभाळून अभिनय करणे जवळपास अशक्य झाले. मानधन साधारणपणे दिवसावर ठरते आणि हाती पडते ते तीन महिन्यांनी. कथेतला आपला ट्रॅक, म्हणजे आपल्या पात्राचे उपकथानक, संपला की कामाचे दिवस कमी होतात. टीआरपी (मालिकेच्या प्रेक्षकसंख्येचे माप) घसरला की नव्या पात्रासाठी जुन्या काकूला गावी धाडले जाते. खरी अनिश्चितता इथे आहे, अभिनयाच्या दर्जाशी तिचा फारसा संबंध नसतो.

भूमिका लोकप्रिय झाली तर नटाचे नाव मागे पडते. १९९८ साली सुरू झालेल्या ‘सीआयडी’ या हिंदी मालिकेत दिनेश फडणीस यांनी दोन दशके विनोदी अंगाचा फ्रेडरिक्स साकारला. काही भागांचे लेखनही त्यांनी केले. डिसेंबर २०२३ मध्ये ते वारले तेव्हा बहुतेक प्रेक्षकांसाठी गेला तो फ्रेडरिक्सच.

कोरोनाकाळात या वर्गाचे दुबळेपण उघडे पडले. चित्रीकरण पुन्हा सुरू करताना राज्य शासनाने ६५ वर्षांवरील कलाकारांना सेटवर मज्जाव केला. आजी-आजोबा रंगवणाऱ्यांची रोजीच बंद झाली. सत्तरीच्या एका कनिष्ठ कलाकाराने मुंबई उच्च न्यायालयात दाद मागितली आणि ऑगस्ट २०२० मध्ये ती अट रद्द झाली. धोका मात्र खोटा नव्हता. मूळच्या गोव्याच्या अभिनेत्री आशालता वाबगावकर साताऱ्यात ‘आई माझी काळूबाई’चे चित्रीकरण करीत असताना कोरोनाने आजारी पडल्या आणि २२ सप्टेंबर २०२० रोजी तिथेच त्यांचे निधन झाले.

त्याच वर्षी डिसेंबरात रवी पटवर्धनही गेले. ‘अग्गंबाई सासूबाई’त ते आजोबा होते. २०२१ मध्ये तिचा पुढचा भाग म्हणून ‘अग्गंबाई सूनबाई’ आली, तेव्हा तेच आजोबा मोहन जोशी यांनी उभे केले.