जुनं पुणं बघायला गाईड का लागतो

गेल्या थंडीत मावसभाऊ नागपूरहून आला होता, त्याला रविवारी सकाळी साडेसहाला उठवून हेरिटेज वॉकला नेला. शनिवारवाडा, लाल महाल, कसबा गणपती, नाना वाडा, बेलबाग, मंडई, तुळशीबाग आणि शेवटी विश्रामबाग वाडा. अडीच तास पायपीट झाल्यावर मिसळ खाताना तो शांतपणे म्हणाला, "दादा, भारी होतं सगळं, पण तो गाईड जे सांगत होता ना, त्यातलं निम्मं तिथं नव्हतंच."

आता पुणेकराला असं बोलल्यावर काय होतं ते तुम्हाला माहितीये. पण घरी येऊन विचार केला तर पोरगं बरोबरच बोललं होतं. जयपूरला किंवा विजापूरला गाईड नाही घेतला तरी समोर दगड उभा असतो, तुम्ही मान वर करून बघता आणि काहीतरी कळतंच. पुण्यात तसं नाही. इथे गाईड एका मोबाईलच्या दुकानासमोर उभा राहतो आणि म्हणतो "इथे वाडा होता", पुढच्या चौकात म्हणतो "इथे हौद होता", आणि आपण रिक्षा चुकवत चुकवत ते डोळ्यासमोर आणायचं. हे असं का झालं त्याची ही पार्श्वभूमी, जरा लांबण लागेल.

पहिली गोष्ट म्हणजे आपण ज्याला जुनं पुणं म्हणतो ते बहुतेक अठराव्या शतकातलं, पेशवाईतलं. गाव त्याच्या हजार वर्षं आधीचं आहे. राष्ट्रकूटांच्या इ.स. ७५८ आणि ७६८ च्या ताम्रपटांत 'पुण्य विषय', 'पूनक विषय' असे उल्लेख आहेत, विषय म्हणजे तेव्हाचा जिल्हा म्हणा. त्याच काळातलं पाताळेश्वराचं लेणं जंगली महाराज रोडवर आहे, अख्खं खडकात कोरलेलं, पुढे तो गोल नंदीमंडप, आणि काम मध्येच सोडून दिल्यासारखं अर्धवट. पण ते नदीपलीकडे, जुन्या भांबुर्डे गावाच्या हद्दीत, त्यामुळे पेठांच्या वॉकमध्ये ते येतच नाही. म्हणजे जे सगळ्यात जुनं आणि खरोखर उभं आहे तेच रूटच्या बाहेर!

खरं मध्ययुगीन पुणं म्हणजे कसबे पुणे, आजच्या कसबा पेठेचा नदीकडचा भाग. तिथे एक कोट होता, पांढरीचा कोट किंवा किल्ले हिसार म्हणतात त्याला, आणि तो बांधणारा म्हणून बऱ्या अरबाचं नाव सांगतात. पांढरी म्हणजे गावठाणाची ती पांढुरकी माती, शेकडो वर्षं माणसं एकाच जागी राहिली, चुली पेटल्या, घरं पडली, परत बांधली की तयार होते ती. शेताची ती काळी आणि वस्तीची ती पांढरी, हा शब्द आपल्याकडे आत्ताआत्तापर्यंत खेड्यात सर्रास होता. तर या कोटाचं आज काय दिसतं? भिंत म्हणून दाखवावं असं जवळजवळ काही नाही. कुंभार वेस हे नाव आहे, कुंभारवाडा आहे, गल्ल्या एकदम चढतात-उतरतात तो चढ आहे (स्कूटर बंद पडली की कळतो), नदीकाठी थोरला आणि धाकटा शेख सल्ला हे दोन दर्गे आहेत. बास.

का नाही उरलं? कारण या गावावर गाढवाचा नांगर फिरला होता. हा वाक्प्रचार आपण सहज वापरतो पण पुण्याच्या बाबतीत ते खरोखर घडलं. पुणे-सुप्याची जहागीर भोसल्यांकडे होती, शहाजीराजांचं आदिलशाहीशी फाटलं आणि १६३० च्या सुमाराला आदिलशाहीचा सरदार मुरार जगदेव फौज घेऊन आला, त्याने गाव जाळलं, कोट पाडला, गाढवं जुंपून नांगर फिरवला आणि लोखंडी पहार ठोकून ठेवली, म्हणजे इथे परत कुणी वस्ती करायची नाही. त्यात १६३० ते ३२ चा तो भीषण दुष्काळ. दोन-तीन वर्षांत गाव ओसाड झालं असणार, वेगळं काही करायची गरजच नव्हती.

मग जिजाऊ आणि बालशिवाजी आले, दादोजी कोंडदेव कारभारी, लाल महाल बांधला, कसब्याच्या गणपतीचं देऊळ उभं केलं, आणि सोन्याचा फाळ लावून जमीन नांगरली ही आठवण तर शाळेतल्या प्रत्येक पोराला पाठ असते. एका नांगराने घालवलेलं गाव दुसऱ्या नांगराने परत आणलं. लाल महालाची मोठी गोष्ट १६६३ च्या एप्रिलची. शाहिस्तेखान १६६० पासून तिथेच मुक्काम ठोकून होता आणि महाराजांनी रात्री आत घुसून त्याची बोटं तोडली. वॉकमध्ये सगळ्यात जास्त फोटो इथेच निघतात, पण समोर दिसते ती वास्तू महापालिकेने १९८० च्या दशकात बांधलेली आहे, मूळ महाल केव्हाच गेला. भावाला हे कळलं तेव्हा त्याचा चेहरा बघण्यासारखा होता. गाईडने मात्र प्रामाणिकपणे सांगितलं हां, ते त्याचं कौतुक.

पुढे १७०३ मध्ये औरंगजेबाचा तळ पुण्यात पडला, त्याचा नातू इथे वारला म्हणून त्याने एका भागाचं नाव मुहियाबाद ठेवलं, तीच आपली आजची बुधवार पेठ. शनिवार पेठ आधी मुर्तझाबाद, सोमवार शहापूर, रविवार मलकापूर. वारांची नावं पेशवाईतली. वारांची नावं संपल्यावर मग माणसांची सुरू झाली, सदाशिव, नारायण, नाना, रास्ता, घोरपडे. माझ्या मते वॉकमध्ये इमारतींच्या आधी पाच मिनिटं नुसती ही नावं सांगायला पाहिजेत, कारण पुण्यात भिंतींपेक्षा नावं जास्त टिकली.

आता शनिवारवाडा. पायाभरणी १० जानेवारी १७३०, वास्तुशांत २२ जानेवारी १७३२, खर्च १६,११० रुपये. हा आकडा ऐकला की वॉकमध्ये हमखास कुणीतरी म्हणतं "एवढ्यात आता पार्किंग पण नाही मिळत". बाहेरून तो तट आणि दिल्ली दरवाजा बघून वाटतं आत केवढं काय असेल, आणि आत गेल्यावर नुसती जोती आणि हिरवळ. लहानपणी शाळेच्या सहलीत आम्ही पण फसलो होतो.

याचं कारण बांधायच्या पद्धतीत आहे. पुण्यातले वाडे म्हणजे खाली दगडी जोतं, त्यावर सागवानी खांब आणि तुळयांचा सांगाडा, मधल्या भिंती विटा-मातीच्या. खोलीचा हिशेबसुद्धा लाकडाच्या खणात करायचे, इतक्या खणांची माडी वगैरे. हे सगळं सुंदर, उन्हाळ्यात गार, भूकंपात लवचिक, पण आग लागली की संपलं. शनिवारवाड्याला एकदा नाही, अनेकदा आग लागली, आणि १८२८ च्या फेब्रुवारीतली शेवटची आग काही दिवस चालली असं सांगतात. दगड तेवढा राहिला, लाकूड गेलं. म्हणून आज जोती दिसतात आणि वरचे मजले गाईडने हाताने हवेत काढून दाखवायचे! १८७९ च्या मे महिन्यात बुधवार वाडा आणि विश्रामबाग वाडा दोन्हीकडे आगी लागल्या, त्यात बुधवार वाडा पार गेला. विश्रामबाग वाचला, तो दुसऱ्या बाजीरावाने १८०७ च्या सुमाराला बांधलेला, त्याचे ते सुरूच्या झाडासारखे कोरलेले खांब अजून रस्त्यावरून दिसतात. पुण्यात लाकूडकाम कसलं असायचं ते बघायचं तर तिथे पाच मिनिटं मान वर करून उभं राहा. म्हणून वॉक तिथे संपवतात ते बरोबर आहे.

१७ नोव्हेंबर १८१७ ला शनिवारवाड्यावर इंग्रजांचं निशाण लागलं आणि मग वाड्याचा भाव उतरला. पुढच्या पटांगणात तर भाजीबाजार भरायचा. तोच बाजार १८८६ मध्ये नव्या मंडईत गेला, तेव्हाचं नाव रे मार्केट, गव्हर्नर लॉर्ड रे याच्यावरून, आता महात्मा फुले मंडई. गंमत बघा, नगरपालिकेत असताना जोतीराव फुल्यांनी याच मंडईच्या खर्चाला विरोध केला होता, त्यांचं म्हणणं होतं की तो पैसा शिक्षणावर घाला, आणि आज नाव त्यांचंच. मंडईपासून चालत पाच मिनिटांवर भिडे वाडा, जिथे १८४८ मध्ये फुले दांपत्याने मुलींची शाळा काढली. तो २०२३ च्या डिसेंबरमध्ये उतरवला, स्मारकासाठी. म्हणजे "इथे होता" म्हणायच्या यादीत आणखी एक.

शनिवारवाडा १९१९ मध्ये संरक्षित स्मारक झाला आणि मग माती उपसून जोती, कारंजी मोकळी केली गेली. आज आपण तिकीट काढून बघतो ते खरं तर त्या उपसण्यामुळे.

यानंतरचा मोठा घाव पाण्याचा. १२ जुलै १९६१, पानशेत धरण फुटलं, पाठोपाठ खडकवासला. नदीकाठच्या पेठांमध्ये पाणी शिरलं आणि मातीच्या भिंती अक्षरशः विरघळल्या. माझी आत्या तेव्हा शनिवार पेठेत राहायची, ती म्हणते आवाज पाण्याचा नव्हता, वाडे बसतानाचा होता. कितीतरी कुटुंबं तिथून उठून गोखलेनगर, सहकारनगरकडे गेली ती परत आलीच नाहीत, आणि त्यांच्याबरोबर कुठल्या वाड्यात कोण राहायचं ही माहितीसुद्धा गेली.

आणि जे पाण्यातून वाचलं ते भाड्यातून नाही वाचलं. १९४७ चा भाडेनियंत्रण कायदा आला, भाडी गोठली, महिन्याला दहा-वीस रुपये भाडं येणारा मालक सागवानी तुळई कशाला बदलेल? पाऊस गळतो, पोटमाळा वाकतो, भाडेकरू सोडत नाही, मालक दुरुस्त करत नाही, मग एक दिवस बिल्डर येतो. यात मी कुणाला व्हिलन म्हणणार नाही. सकाळी एका संडासापुढे अख्ख्या वाड्याची रांग लावलेल्या माणसाला "हेरिटेज जपा" सांगायला आपल्याला काय जातंय.

मग प्रश्न असा की सगळं गेलं असताना गाईड अडीच तास बोलतो कशाच्या जोरावर? कागदाच्या. पेशवे दफ्तर म्हणजे हिशेब, पत्रं, रोजकीर्दी यांचा डोंगर आहे. कुठल्या कारागिराला किती दिले, बागेला किती माळी, सगळं लिहिलेलं. १९१० मध्ये इतिहासाचार्य राजवाडे आणि मेहेंदळे यांनी भारत इतिहास संशोधक मंडळ काढलं, १९३० च्या दशकात गो. स. सरदेसाईंनी पेशवे दफ्तरातले निवडक कागद ४५ खंडांत छापून आणले. वाडा जळाला पण वाड्याचा हिशेब राहिला.

चालत गाव दाखवायची ही आजची पद्धत मात्र आपली नाही, ती गुजरातकडून आली म्हटलं तरी चालेल. अहमदाबादेत तिथल्या महापालिकेने १९ नोव्हेंबर १९९७ ला काळूपूरच्या स्वामिनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंत रोज सकाळचा वॉक सुरू केला, पोळांमधून (पोळ म्हणजे तिथली जुन्या गल्लीतली दाटीची वस्ती), आणि २०१७ मध्ये त्या शहराला जागतिक वारसा दर्जा मिळाला. त्यांच्याकडे पोळ अजून नांदते आहेत. पुण्यात हा प्रकार बराच नंतर रुळला आणि तोपर्यंत वाडे पडून बिल्डिंगा झाल्या होत्या, म्हणून आपला वॉक जास्त बोलका झाला.

तरी एक गोष्ट आहे जी दिसत नाही पण आहे, आणि ती बऱ्याच गाईडांकडून घाईत राहून जाते. नानासाहेब पेशव्यांच्या काळात कात्रजला तलाव बांधून तिथून जमिनीखालून पक्क्या बांधकामाचा नळ शहरात आणला, माणूस आत उभा राहील एवढा मोठा, पंप नाही काही नाही, नुसत्या उतारावर पाणी, आणि मध्ये हवा जायला उंच उच्छ्वास. ते पाणी पेठापेठांतल्या हौदांत पडायचं. फडके हौद, बाहुलीचा हौद, काळा हौद ही नावं त्यातूनच आलेली. वरचं पुणं तीन-तीनदा बदललं तरी हे खालचं बरंचसं टिकलं.

२०२४ च्या सप्टेंबरमध्ये पेठांखालून जाणारी भुयारी मेट्रो सुरू झाली, कसबा पेठ स्टेशन फडके हौदाच्या चौकापाशीच आहे. मावसभावाला परत जाताना तिथूनच सोडला. सरकत्या जिन्यावर उभा राहून तो खाली बघत म्हणाला, "म्हणजे आता आपण कोटाच्याही खाली जातोय का?" मी म्हटलं कोट तिकडे नदीच्या बाजूला, पण हौदाच्या खाली नक्की. त्याने वर वळून हौद शोधला. मी सांगितलं, तो पण होता.